तोंडी हरकत नाही

१० जून

मलमाच्या कंपनीने दिलेली ही डायरी सहा महिने टेबलावर पडून होती. दर पानाच्या तळाशी कंबर धरून उभा असलेला एक माणूस छापलाय. आजपासून शक्यतो रोज सकाळी, क्लिनिक उघडायच्या आधी, त्याच्या डोक्यावर चार ओळी लिहायच्या असं ठरवलंय. आमच्या संघटनेचा इतिहास पुढे कुणीतरी लिहीलच, त्या बिचाऱ्याला काही साधन हवं.

संघटना म्हणजे क्रीडा आणि व्यायाम वैद्यकाच्या डॉक्टरांची. सभासद एकेचाळीस, मी सचिव. आमची शाखा लोकांना अजून कळत नाही. परवा एका समारंभात शेजारच्या गृहस्थांना सांगितलं की मी खेळाडूंचा डॉक्टर आहे, तर त्यांनी बूट काढून टाच माझ्यापुढे केली. सासरची मंडळी मला वीस वर्षं 'मालिशवाले डॉक्टर' म्हणतात आणि मी ते हसण्यावारी नेतो.

आताचे अध्यक्ष आप्पा. ऐंशीच्या घरातले, सभेत डोळे मिटून बसतात आणि मतदान आलं की बरोबर उघडतात. डिसेंबरमध्ये ते पायउतार होणार. त्या खुर्चीवर माझा डोळा आहे, हे निदान इथे लिहायला हरकत नाही. आड येणार तो हातोडा. हा हाडांचा सर्जन आहे, आमच्यात नंतर घुसला. त्याला कुठलंही दुखणं दाखवा, तो स्क्रू शोधायला लागतो.

१५ जून

काल विजय मिळवला. तपशील नोंदवतो.

विषय होता खेळाडूंच्या दाखल्याचा प्रमाणित मसुदा. आजवर जो तो आपल्या मनाला येईल ते लिहून देत होता. एकाने तर 'मुलगा गुणी आहे, पळू द्यावे' असं लिहून दिलं होतं. आता सगळीकडे एकच वाक्य चालणार. हातोड्याचं म्हणणं, 'खेळण्यास योग्य' असं लिहावं. मी उभा राहिलो. म्हटलं, योग्य म्हणजे आपण हमी घेतली, उद्या पाय मोडला तर गळ्यात आपल्या. त्यापेक्षा 'खेळण्यास वैद्यकीय हरकत नाही' असं लिहावं. यात आपण काही म्हणतही नाही आणि नाही म्हणतही नाही.

दोन तास हमरीतुमरी झाली. बारा विरुद्ध दहा मतांनी 'हरकत नाही' पास. लगेच मी कलम सातही मंजूर करून घेतलं: तातडीच्या वेळी डॉक्टरने तोंडी 'हरकत नाही' म्हटलं तरी तो दाखला धरावा, कागद सात दिवसांत द्यावा. मैदानाची नाडी कळणारा माणूसच असं कलम सुचवू शकतो, असं आप्पा जाताना म्हणाले.

घरी येऊन बायकोला सांगितलं. ती शाळेत भाषा शिकवते, म्हणून वाटलं कौतुक करेल. ती वह्या तपासत होती.

"तू दिवसातून पन्नास वेळा हरकत नाही म्हणतोस," ती म्हणाली.

"मग? त्याचाच आता ठराव झाला."

"रविवारी माझी आई येते म्हटलं तेव्हा म्हणालास. पडदे पिवळे घेऊ म्हटलं तेव्हाही म्हणालास. आणि पडदे बघून ओरडलास."

बायकांना संस्थात्मक काम समजायला वेळ लागतो.

२ जुलै

कोचबाई एका मुलीला घेऊन आल्या. क्रीडा वसतिगृहात राहते, आठशे मीटर धावते. एकोणीस वर्षांची, काटकुळे पाय, म्हणून सगळे तिला टिटवी म्हणतात. नडगी महिनाभर दुखतेय. स्कॅनमध्ये हाडाला बारीक चीर. दौड, उड्या सगळं सहा आठवडे बंद, असं मी स्वच्छ सांगितलं.

टिटवीने बोटांवर दिवस मोजले. कोचबाईंनी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं. निवड चाचणी २९ जुलैला, म्हणजे चौथ्या आठवड्यातच.

"पोहले तर चालेल, सर?"

"हरकत नाही."

"आणि सायकल?"

"हरकत नाही. तीन आठवड्यांनी दाखवून जा."

कोचबाईंचा आवाज मैदानाच्या दुसऱ्या टोकाला पोचेल असा आहे. त्या गेल्यावर बाहेर बसलेल्या चारही पेशंटांना टिटवीचं निदान माहीत होतं. मला बोधचिन्हाचे नमुने बघायचे होते, त्यामुळे बरं झालं लवकर आटोपलं.

११ जुलै

बोधचिन्हाचा घोळ संपत नाही. धावणारा माणूस आणि गळ्यात स्टेथोस्कोप, इतपत एकमत. पण तो उजवीकडे धावतो की डावीकडे? शिवाय चित्रकाराने त्याची टाच आधी टेकवली आहे. निम्म्या सभासदांच्या मते पुढचा पंजा आधी टेकायला हवा, नाहीतर चार वर्षांत गुडघा जातो. हातोडा म्हणाला, जाऊ दे गुडघा, मी आहे. मी एक उपसमिती नेमली आणि तिचा निमंत्रक झालो.

२३ जुलै

उपसमिती दुपारभर चालली. टिटवी दाखवायला आली होती म्हणे. दीड तास बाकावर बसली आणि गेली. रिसेप्शनच्या बाईंनी तिला सोमवारी यायला सांगितलं. सोमवारी मी नाही, पण ते बाईंना कुठे माहीत.

२९ जुलै

काल बोधचिन्ह मार्गी लागलं. माणूस उजवीकडेच धावेल. टाचेचा प्रश्न पाय ढगात दाखवून सोडवला, ही कल्पना माझी.

ऐन मतमोजणीत कोचबाईंचा फोन. त्यांच्याशी बोलताना मी फोन कानापासून वीतभर लांब धरतो, काल तर टेबलावरच ठेवला होता. मैदानाचं, उद्याचं, दुखत नसल्याचं असं काहीतरी लांबण लावलं होतं. आप्पा डावीकडच्या बाजूने हात वर करताहेत की डोकं खाजवताहेत हे मला बघायचं होतं. हरकत नाही, हरकत नाही म्हणालो आणि फोन ठेवला. आप्पा खाजवत होते.

३० जुलै

संताप झालाय. टिटवी काल निवड चाचणीत धावली आणि सहाशे मीटरवर नडगीचं हाड मोडलं. आवाज प्रेक्षकांना ऐकू गेला म्हणतात. हातोड्याने सळई घातली.

आम्ही ओरडून ओरडून सांगतो, सहा आठवडे म्हणजे सहा आठवडे. पण डॉक्टरांचं ऐकतो कोण? या लोकांना पदकं हवीत, पोरींची हाडं नकोत. यावर एक खरमरीत लेख लिहायचं ठरवलंय, मथळाही सुचलाय. कुठल्या गाढवाने तिला धावायची परवानगी दिली ते शोधून काढलं पाहिजे. असा माणूस आमच्या शाखेला कलंक आहे.

३१ जुलै

तो गाढव मी.

कोचबाई सकाळी येऊन गेल्या. आयुष्यात पहिल्यांदा हळू बोलल्या. "डॉक्टर, मी तुम्हाला तीनदा विचारलं. दुखत नाही म्हणतेय, उद्या धावू देऊ का. तुम्ही दोनदा हरकत नाही म्हणालात. तुमच्याच कलम सातमध्ये बसतं म्हणून मी उतरवली तिला. आता सात दिवसांत कागद द्या."

मी म्हटलं, बघतो.

"बघतो नको, डॉक्टर. परवानगीने धावली असेल तर वसतिगृह तिची जागा वर्षभर राखतं, उपचार, व्यायाम सगळं करतं. परवानगीवाचून धावली तर शिस्तभंग. सामान बांधून घरी. आणि ती घरी गेली की संपलं. तिच्या डोंगरातल्या गावात सपाट जागा म्हणजे घराचं छप्पर."

त्या गेल्यावर मी लेखाचा कागद फाडला. मथळा चांगला होता.

४ ऑगस्ट

आप्पांकडे गेलो. ते टक्क जागे होते. म्हणाले, "कागद दिलास की तू कबूल झालास. कबूल झालास की डिसेंबर गेला. समिती नेम." मी म्हटलं, आचारसंहिता समिती आहेच, मीच स्थापलीय. "मग तिच्यापुढे जा आणि तोंड मिटून बस," आप्पा म्हणाले, आणि डोळे मिटले.

समितीचा प्रमुख हातोडा. म्हणजे माझा निकाल लागला. चौकशीला तोच बसणार, कारण पेशंटच्या हाडाची आतून माहिती फक्त त्याला आहे.

दोन दिवस जेवण जात नाही. बायको म्हणाली, "तू कागद का देत नाहीस?" मी म्हटलं, विषय गुंतागुंतीचा आहे. ती म्हणाली, "पोरीचा पाय मोडला, तू म्हणाला होतास चालेल. यात गुंता कुठला?"

८ ऑगस्ट

कागदाचे सात दिवस काल संपले. मी कामात होतो.

२३ ऑगस्ट

काल चौकशी झाली. जे झालं त्याची मला स्वप्नातही कल्पना नव्हती.

आत जाण्याआधी हातोड्याने मला जिन्यात गाठलं. वाटलं, आता टोमणे ऐकायचे. तर त्याने खांद्यावर हात ठेवला. "अरे, मी दिवसाला तीस फोन घेतो. ऑपरेशन करताना नर्स कानाला लावते. कुणाला काय म्हणतो ते देवालाही माहीत नाही. तुझं हरकत नाही धरलं ना, तर आम्ही एकेचाळीसच्या एकेचाळीस गेलो. घाबरू नकोस."

मग तीन डॉक्टर दोन शब्दांवर अडीच तास बोलले. 'हरकत' म्हणजे आक्षेप. आक्षेप नाही म्हणजे संमती आहे असं नव्हे. संमती असली तरी ती कशाला, हे वाक्यात नाही. वाक्याला कर्ता नाही, क्रियापदही धड नाही. कोचबाईंना विचारलं, डॉक्टरांचा सूर कसा होता?

"घाईचा," त्या म्हणाल्या.

"म्हणजे वैद्यकीय सूर नव्हता."

"डॉक्टर, मला तर त्यांचा तोच सूर माहीत आहे."

हे इतिवृत्तात घेतलं नाही. निष्कर्ष मात्र मी शब्दशः उतरवून आणला: 'सदर उद्गार हा वैद्यकीय अभिप्राय नसून संभाषणातील सौजन्य होय.' निर्दोष. शिवाय हातोडा अध्यक्षपदाला उभा राहणार नाही. माझी निवड बिनविरोध. सगळ्यांनी माझा हात हातात घेतला आणि प्रत्येकाचा हात घामाने ओला होता.

आनंदाने घरी आलो. बायकोला निष्कर्ष वाचून दाखवला.

"सौजन्य," ती म्हणाली. मग, "मुलीचं काय?"

"तो वसतिगृहाच्या अखत्यारीतला विषय."

ती लाल पेन घेऊन कुणाच्या तरी निबंधात शिरली.

९ सप्टेंबर

घरात एक फरक पडलाय. बायको मला काही विचारत नाही, नुसतं सांगते. मी उद्या उशिरा येईन. पडदे बदलले. आज कोचबाईंकडे जाऊन आले.

कोचबाईंकडे कशाला, असं मी विचारलं. म्हणाली, वसतिगृहाने टिटवीला तीस तारखेपर्यंत खोली सोडायला सांगितलंय. संघटनेचं पत्र त्यांनी फाइलला लावलं, त्यात सौजन्य म्हटलंय, म्हणजे परवानगी नव्हती, म्हणजे ती स्वतःच्या मनाने धावली. पण परवानगी देणाऱ्या डॉक्टरने स्वतःच्या हाताने दोन ओळी लिहून दिल्या तर व्यवस्थापक ते मानायला तयार आहेत.

मी म्हटलं, "संघटनेचा निर्णय झाल्यावर मला वैयक्तिक पत्र कसं देता येईल?"

"पेनने," ती म्हणाली.

१६ सप्टेंबर

मन खातंय. कालपासून तिसऱ्यांदा आप्पांना फोन केला. म्हटलं, आप्पा, मला असं कळवायचंय की माझं म्हणणं परवानगीच होतं. निदान कोचबाईंनी तसं समजणं बरोबर होतं.

"उशीर झाला," आप्पा म्हणाले. "इतिवृत्त मंजूर आहे. तू काय म्हणालास ते आता संघटनेने ठरवलंय, तुला त्यात बदल करता येणार नाही."

"पण बोललो मी होतो."

"म्हणून तर तुला विचारलं नाही. आणि हे बघ, असलं पत्र बाहेर गेलं तर अर्ज मागे घ्यावा लागेल. हातोडा तयारच बसलाय."

खरं सांगायचं तर हे ऐकून बरं वाटलं. मी प्रयत्न केला, नियम आडवा आला. अर्धा दिवस मी याच समाधानात काढला. मग एक पोरगा घोटा धरून आला, उद्या खेळलो तर चालेल का म्हणाला, आणि उत्तर देताना माझी जीभ अडखळली. 'हर' इथपर्यंत आलो आणि गप्प बसलो. तो बिचारा घाबरला.

२७ सप्टेंबर

भाषणाची तयारी चाललीय. 'खेळाडू हा आपल्या शाखेचा केंद्रबिंदू' असं पहिलं वाक्य. बायकोला ऐकवलं. ती म्हणाली, केंद्रबिंदूला लांबी, रुंदी, उंची काही नसते, दहावीच्या मुलांना विचार. मी चिडलो. तिने उलट काही म्हटलं नाही याचाच जास्त राग आला.

मला स्वतःची लाज वाटते. हे कुठेतरी लिहून ठेवावं म्हणून लिहितो, इतिहासकाराने हे पान गाळलं तरी चालेल.

२९ सप्टेंबर

काल रविवार, क्लिनिक बंद. सकाळी एकटाच येऊन बसलो आणि पत्र लिहिलं. डिसेंबर गेला तर जाऊ दे, असं मोठ्याने म्हणून बघितलं. आवाज बरा आला. मग लिहीतच सुटलो. सव्वा पान झालं. दोनदा वाचलं, दुसऱ्यांदा डोळे भरून आले. पाकिटात घालून आज कोचबाईंकडे पाठवायचं असं ठरवलं होतं.

आज दहाला टिटवी स्वतःच आली. उद्या खोली सोडायची म्हणून तिचे स्कॅन न्यायला. कुबड्या भिंतीला टेकवून समोर बसली. मी पत्र तिच्यापुढे ठेवलं. मनात म्हटलं, आता रडेल, पाण्याचा पेला भरून ठेवावा. भरूनही ठेवला.

तिने सावकाश वाचलं.

"सर, पाय डावा लिहिलाय."

"हो."

"उजवा आहे."

मी टेबलावरून वाकून पाहिलं. पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली, खाली टाक्यांच्या खुणा. उजवा. पाच मिनिटं तो पाय माझ्यासमोर होता आणि मी तिच्या डोळ्यांत पाणी कधी येतं याची वाट बघत होतो.

"पुन्हा लिहितो," मी म्हटलं आणि नवा कागद घेतला.

मी लिहीत असताना ती म्हणाली, "त्या दिवशी मी कोचबाईंच्या शेजारीच होते. फोन स्पीकरवर होता. मागे कुणीतरी डावे अकरा, उजवे बारा असं मोजत होतं. तुम्ही ऐकत नव्हता ते मला कळलं. बाईंना नाही कळलं. त्या आणखी एकदा विचारणार होत्या, मीच म्हटलं, झालं ना, हो म्हणाले, ठेवा आता."

माझं पेन थांबलं. कुणाला हे सांगितलं तर मी सुटलो, हे मला लगेच कळलं, इतक्या लगेच कळलं की त्याचीही शरम वाटली. पेशंटने लपवलं, डॉक्टरला फसवलं. समितीला याहून काय हवं होतं? हातोडा मला पेढे भरवेल. डिसेंबरही राहील.

"हे मला का सांगितलंस?"

"माझी चूक आहे तेवढी माझी. तुम्हाला ती पत्रात घालायची असली तर घाला."

"दुखत नव्हतं म्हणालीस, तेही खोटं?"

"दुखत होतं. दाखवायला आले होते ना. दीड तास बसले."

आयुष्यात पहिल्यांदा मी एका पेशंटला विचारलं, "मग काय लिहू?"

"तुम्ही बोललात तेवढं लिहा, सर. आणि ऐकलं नव्हतंत, तेही लिहा."

मी लिहायला घेतलं. तिने जुना कागद हातात धरला होता आणि बोट ठेवून ठेवून बघत होती. मनाची घालमेल, कर्तव्याची जाणीव, एका डॉक्टरचा अंतर्यामीचा झगडा, असं सगळं तिच्या बोटाखालून गेलं.

"हे राहू द्या," ती म्हणाली. "हे सगळं तुमच्याबद्दल आहे. व्यवस्थापक एवढं वाचत नाहीत."

ते गाळल्यावर चार ओळी उरल्या: मी काय बोललो आणि ऐकलं नव्हतं, एवढंच. मी त्या तिच्यासमोर लिहिल्या, एकेक शब्द मोठ्याने वाचत, आणि सही केली. तिने तारीख तपासली, माझं नाव तपासलं, पाय दोनदा तपासला, मग कागदाची घडी करून खिशात ठेवली आणि कुबड्यांना हात घातला.